पियानोवरचं मांजर खरेच सूर दाबतं का? (पेटी-तबल्यावर बसवायचंय, मदत हवी)

पेटीवाली आजी, ग्वाल्हेर

नमस्कार मंडळी. प्रश्न जरा विचित्र वाटेल, पण विचारतेच.

मी लष्कर भागात राहते, महाराज बाड्यापासून पायी दहा मिनिटांवर. चाळीस वर्षं पेटीची साथ केली. भजनाला, शाळेच्या गॅदरिंगला, कधीमधी बैठकीच्या गाण्यालाही. आता गुडघ्यांमुळे घरीच सात-आठ मुलं शिकायला येतात. नातू सुट्टीत आला होता. त्याने टॅबवर टॉम अँड जेरीचा एक भाग लावला आणि म्हणाला, "आजी, हे बघ, तुझ्यासारखंच मांजर."

म्हटलं, बघू तरी. मांजर लांब शेपटांचा कोट घालून रंगमंचावर येतं, स्टुलावर बसतं, आणि अशा काही गुर्मीत पहिला सूर लावतं की मला आमच्याकडचे दोन-तीन गवई आठवले (नावं नाही घेत, त्यातले एक अजून आहेत). पियानोच्या आत उंदीर झोपलेला. तारांवर पडणाऱ्या हातोड्यांवरच त्याचं अंथरूण. वाजवणं सुरू झालं की तो उडतो, आदळतो, जागा होतो, आणि मग भांडण. एक शब्द नाही. सगळं भांडण वाजवता वाजवता.

नातू हसत होता आणि मी पंजे बघत होते. आपल्या सिनेमात नायक पेटी वाजवतो तेव्हा भाता मिटलेला असतो, बोटं मंद्रात, म्हणजे खालच्या सुरांत, फिरत असतात आणि गाणं वरच्या तार षड्जावर. इथे मात्र मला वाटलं की मांजराचा पंजा जिथे पडतो तोच सूर येतोय. मी टॅब पेटीवर उभा केला, थांबवून थांबवून बघितलं, पण डोळे साथ देईनात. तर पहिला प्रश्न: हे खरं आहे का मला भास झाला? आणि ती चीज, म्हणजे मांजर वाजवतं ती रचना, कुठली?

हे इतकं मनाला का लागलं तेही सांगते. तीन वर्षांपूर्वी माझ्या पेटीत खरंच उंदीर होता. संध्याकाळी कार्यक्रम, दुपारी पेटी काढली तर काळी तीन, म्हणजे सप्तकातली तिसरी काळी पट्टी, बोलेना. फुंकर मारली, पट्टी उचलून बघितली, काही नाही. शेवटी पेच काढून वरची फळी उचलली. आत, सूर बसवलेल्या फळीच्या कडेला, कागदाच्या बारीक चिंध्यांचं घरटं. चिंध्यांवर माझंच अक्षर. भजनाची वही होती ती, "रूप पाहता"मधलं "रूप" शाबूत आणि बाकी सगळं खाल्लेलं. भात्याच्या घडीला रुपयाएवढं भोक. त्या संध्याकाळी मी उसन्या पेटीवर वाजवलं आणि ती पेटी अर्ध्या सुराने उतरलेली होती. असो.

दुसरा प्रश्न कामाचा आहे. आमच्या मंडळाच्या गणेशोत्सवात मुलांचा कार्यक्रम असतो. दरवर्षी नाटुकलं बसवतो आणि दरवर्षी मराठीवर अडतं. घरात बोलतात थोडं, पण शाळा-गल्ली सगळी हिंदी. मागच्या वर्षी शिवाजी महाराजांच्या मावळ्याने भर रंगमंचावर "महाराज, शत्रू येऊन राहिला, अब क्या करें" म्हटलं आणि मांडव कोसळायचा बाकी राहिला. यंदा म्हटलं मूकनाट्यच करू. पुठ्ठ्याचा पियानो, एक मांजर, एक उंदीर. बाजूला मी पेटीवर, म्हणजे मांजर. धाकटे दीर तबल्यावर, म्हणजे उंदीर.

आमचं तीस वर्षांचं भांडण तयारच आहे. भाऊजी लय वाढवतात. त्यांचं म्हणणं, "वहिनी, तुम्ही मागे ओढता म्हणून." आता हे आठ मिनिटांत कसं बसवायचं, मुलांनी आमच्याकडे बघायचं का आम्ही मुलांकडे, काही सुचत नाही. कोणी सांगेल का?

काळी-पांढरी, पुणे

आजी, भास नाही. मी पियानो शिकवते आणि हा भाग माझ्या विद्यार्थ्यांना मुद्दाम दाखवते. प्रत्येक फ्रेम तपासून शपथ घेणार नाही, पण बहुतेक ठिकाणी पंजा आणि सूर जुळतात. एक गंमत मात्र आहे: मांजराच्या हाताला अंगठा धरून चारच बोटं. त्या काळची बहुतेक कार्टून-पात्रं अशीच, काढायला सोपी. आणि चीज अशी की माणसाची दहा बोटं अपुरी पडतात. त्यामुळे जे जुळतं ते आठ बोटांत जुळवलंय हे लक्षात घ्या.

भागाचं नाव 'द कॅट कॉन्चेर्टो', १९४७ साली प्रदर्शित. चीज म्हणजे फ्रान्झ लिस्ट या हंगेरियन संगीतकाराची दुसरी हंगेरियन ऱ्हाप्सडी. मूळ पियानोसाठीच, १८४७ मधली. म्हणजे चीज शंभर वर्षांची झाली तेव्हा मांजराने वाजवली.

तुम्हाला आवडेल तो भाग पुढे आहे. या रचनेचे दोन तुकडे: पहिला 'लासान', दुसरा 'फ्रिस्का'. हंगेरीतल्या नाचाच्या संगीतातली ही जुनी पद्धत, आधी संथ, मग जलद. तुमच्या ग्वाल्हेरात याला विलंबित आणि द्रुत म्हणतात, ते मी सांगायला नको! लासान काळी एकच्या मायनरमध्ये: कोमल गंधार, कोमल धैवत, आणि निषाद बऱ्याचदा शुद्ध. कानाला किरवाणी रागाच्या घरातलं वाटेल. फ्रिस्का बहुतांशी काळी तीनच्या मेजरमध्ये, म्हणजे आपला बिलावल, सगळे सूर शुद्ध. हो, काळी तीन, तुमच्या उंदराने बसवलेली तीच पट्टी.

शेवटाजवळ लिस्टने स्वरलिपीत मोकळी जागा सोडून लिहिलंय की इथे वादकाने आपल्या मनाने वाजवावं. लिहून दिलेल्या संगीतात उपजेला जागा. मोठमोठ्या वादकांनी तिथे आपापलं काही रचलंय.

पेटीवर पूर्ण चीज वाजवायच्या फंदात पडू नका, आजी. डावा हात भात्यात अडकलेला, म्हणजे तुमच्या मांजराला एकच हात. लासानची सुरुवातीची धून एका हाताने छान होते, जड आणि गुर्मीत. फ्रिस्काची ती टुणटुण उडणारी धूनही होते. मधलं सगळं सोडा.

सराफ्यातला उल्लू, इंदूर

आजी नमस्कार! ग्वाल्हेरवाल्यांना गाण्यातलं आम्ही काय सांगणार, आमचं ज्ञान पोह्यांपासून सुरू होऊन गराडूपाशी संपतं. पण टॉम-जेरीवर बोलायचा मला हक्क आहे. १९९५ला आपल्याकडे कार्टून नेटवर्क आलं तेव्हा मी चौथीत होतो. रात्री तेच चॅनल जुने इंग्रजी सिनेमे दाखवायला लागायचं आणि बाबा म्हणायचे, "संपलं तुमचं, आता आमचं." समजत त्यांनाही काही नव्हतं.

थोडी माहिती. मांजर-उंदराची ही जोडी एमजीएम स्टुडिओत विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा यांनी १९४० मध्ये काढली. पहिल्या भागात मांजराचं नाव टॉम नव्हतंच, जॅस्पर होतं. १९५८ पर्यंत दोघांनी मिळून ११४ भाग केले आणि त्यांना सात ऑस्कर मिळाले. त्यातले चार लागोपाठ, आणि चौथं या पियानोवाल्याचं. आणि टॉम जी किंकाळी फोडतो ना, बोट सापडल्यावर, ती स्वतः हॅनाची. दिग्दर्शक माईकसमोर उभा राहून ओरडायचा!

आता खरं भांडण ऐका. त्याच सुमाराला, १९४६च्या नोव्हेंबरात, वॉर्नर ब्रदर्सचा 'ऱ्हाप्सडी रॅबिट' आला. त्यात बग्ज बनी हा ससा पियानो वाजवतो. चीज तीच, लिस्टची दुसरी. आणि पियानोत कोण? उंदीर! दोन्ही स्टुडिओंनी एकमेकांवर चोरीचा आरोप केला. ऑस्कर मांजराला गेलं. उंदीर दोन्हीकडे जिंकला, हे माझं निरीक्षण.

स्पष्टवक्ता, ठाणे

गणपतीसमोर विलायती मांजर कशाला? आपल्या गोष्टी संपल्या का? शिवाय मुलांना मारामारी शिकवायची. बोट कापायला कात्री घेतो तो उंदीर, बघितलंय मी.

पेटीवाली आजी, ग्वाल्हेर

स्पष्टवक्तेदादा, गणपतीसमोर उंदीर जिंकणार नाही तर कोण जिंकणार? त्यांचंच वाहन आहे. उलट उंदीर हरला असता तर मला कमिटीने विचारलं असतं. कात्री मात्र काढून टाकते, ते तुमचं बरोबर. आमचा उंदीर सात वर्षांचा आहे आणि त्याच्या हातात कात्री मीही देणार नाही.

काळी-पांढरीताई, तुमचं वाचून मी पेटीवर काळी एकची किरवाणी धरून बसले तासभर. लासान म्हणजे आमचं विलंबित हे वाचून भाऊजींना फोन लावला. ते म्हणाले, "मग फ्रिस्का माझी."

विलायतीचं म्हणाल तर मला हे सगळं फार ओळखीचं वाटलं. आमच्या शहरात सांगतात ती गोष्ट तुम्ही ऐकली असेल. दौलतराव शिंद्यांच्या दरबारात बडे मोहम्मद खाँ होते, तानेचे बादशहा. आपली तान कोणाला शिकवत नसत. हद्दू खाँ आणि हस्सू खाँ ही दोन तरुण पोरं पडद्याआड लपून रोज त्यांचा रियाज ऐकत. एक दिवस दोघं दरबारात गायली आणि खाँसाहेबांना आपलीच तान समोरून ऐकू आली. पुढे हस्सू खाँचं काय झालं, ती 'कडक बिजली'ची तान, ते सांगत नाही, पोरांचा कार्यक्रम आहे. पण पियानोत झोपलेला उंदीर बघताना मला तो पडदाच दिसला. आतून ऐकतो, आणि शेवटी बाहेर येऊन तेच वाजवून दाखवतो.

चित्रामागे चित्र, वडोदरा

आजी, तुमचा दुसरा प्रश्न राहिलाय: कोणी कोणाकडे बघायचं. मी फाइन आर्ट्सला शिकलो, आता ॲनिमेशन करतो. आई अजून म्हणते, मुलगा चित्रं काढतो, पगार मिळतो म्हणे.

सिनेमात सेकंदाला २४ फ्रेम. मिनिटाला १,४४०. साधारण एक चित्र दोन फ्रेम चालवतात, घाई असेल तिथे प्रत्येक फ्रेमला नवं चित्र. आता ही फ्रेम म्हणजे मात्रेचा चुरा समजा. १२ फ्रेमला एक ठोका धरला तर मिनिटाला १२० मात्रा. ८ फ्रेमला धरला तर १८०. हॅनाचं खरं कसब हेच होतं. बार्बेरा गमती रचायचा, चित्रं झपाट्याने काढायचा. आणि हॅना कागदावर मात्रा आणि फ्रेम मांडून ठरवायचा की थप्पड कुठल्या फ्रेमला पडेल. तुमच्याकडे तिहाई, म्हणजे तीनदा वाजवायचा तोच तुकडा, मोजून समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर, आणतात ना, अगदी तसं.

एरवी या भागांना संगीतकार स्कॉट ब्रॅडली आखलेल्या हालचालीवर संगीत लिहायचे. मांजर जिना चढलं की व्हायोलिन चढणार, आपटलं की झांज. पण मांजर स्वतःच वाजवत असेल तर उलटं करावं लागतं. आधी वाजवून ध्वनिमुद्रण, मग कुठला सूर कुठल्या फ्रेमला हे लिहून काढायचं, मग चित्र. म्हणून पंजे जुळतात.

पण त्यातही एक खुबी आहे. सापळ्याचा प्रसंग आठवा. उंदीर पट्ट्या काढून तिथे उंदराचा सापळा ठेवतो. मांजर त्याच्या डावी-उजवीकडे वाजवत राहतं, बोट सापळ्याच्या कडेकडेने जातं आणि वाचतं, पुन्हा जातं आणि वाचतं. आपण श्वास धरून बसतो. मग खट. तो खट सुरावटीत जिथे बसायला हवा तिथेच बसतो. मांजर कळवळतं, पण चीज सुटत नाही. पुढे आतल्या उंदराला पकडताना पायांनी वाजवतं, तरी सुटत नाही. मांजर एकदा जरी वाजवायचं थांबून सरळ उंदरामागे धावलं असतं तर हा रोजचाच पाठलाग झाला असता. समोर श्रोते बसलेत, चीज पुरी करायचीय, म्हणून हात बांधलेले. हसू त्या बांधलेपणाचं येतं. मध्येच उंदीर हातोड्यांवर नाचून एक अमेरिकन रेल्वेचं गाणं घुसवतो, तेव्हाही संगीत थांबत नाही!

तर तुमच्याकडे: मांजर झालेल्या मुलीने तुमच्या पेटीकडे कान ठेवायचा, डोळे नाही. उंदराने मनाला येईल ते करायचं आणि तबल्याने उंदराकडे बघायचं. तुम्ही कोणाकडेच बघायचं नाही. गुर्मीत वाजवायचं.

सराफ्यातला उल्लू, इंदूर

"कोणाकडेच बघायचं नाही, गुर्मीत वाजवायचं." दादा, हे आमच्या ऑफिसच्या भिंतीवर लावतो.

काळी-पांढरी, पुणे

आजी, शेवट विसरू नका. चीज संपली असं मांजराला वाटतं, आणि उंदीर आतून शेवटचा तुकडा पुन्हा सुरू करतो. मांजर धावत येऊन वाजवतं, संपतं, पुन्हा तेच. तुमच्याकडे याला आयतं नाव आहे.

पेटीवाली आजी, ग्वाल्हेर

ताई, तिहाई! भाऊजींना सांगितलं तर ते खुर्चीतून उठलेच. म्हणाले, "वहिनी, चक्रदार करू, तिहाईचीच तिहाई. नऊ वेळा येऊ दे." म्हटलं, मांजर सदुसष्ट वर्षांचं आहे, तीनवर थांबा.

---

मंडळी, कार्यक्रम काल झाला, म्हणून पुन्हा लिहितेय.

पियानो फ्रिजच्या खोक्याचा केला. पट्ट्या रंगवताना पोरांनी दोन-तीन, दोन-तीनच्या गटांऐवजी काळ्या पट्ट्या सलग रंगवल्या होत्या. आदल्या रात्री मी खोडून पुन्हा करायला लावल्या. कोणी म्हणालं, "आजी, कौन देखता है?" म्हटलं, मी बघते.

मांजर झालेली मुलगी बारा वर्षांची, माझ्याकडेच शिकते. तिच्या वडिलांचा लग्नातला कोट गुडघ्यापर्यंत आला, शेपूट आपोआप झाली. तिने येऊन रुमालाने स्टूल पुसलं, बसली, दोन्ही हात वर उचलले आणि तसेच ठेवले. मी पेटीवर काळी एक धरून थांबले. मांडवात कोणीतरी खोकलं. तिने त्या दिशेला मान वळवून असं बघितलं की लोक तिथेच हसायला लागले. हे तिला कोणी शिकवलं नव्हतं.

विलंबितात सगळं ठरल्याप्रमाणे. उंदीर खोक्यातून डोकं काढायचा, भाऊजी डग्ग्यावर घसरता घुमारा द्यायचे, मांजर पट्टीवर थप्पड मारायचं. सापळ्याच्या जागी कपडे वाळत घालायचा चिमटा ठेवला होता. वडोदऱ्याच्या दादांनी सांगितलं तसं दोन-तीनदा बोट कडेने नेलं. चौथ्यांदा चिमटा लागला तो जरा जास्तच लागला, कारण पोरगी खरंच "आई गं" म्हणाली. आमच्या मूकनाट्यातलं एकमेव वाक्य, आणि तेही शुद्ध मराठीत.

द्रुत सुरू झालं आणि भाऊजींनी लय वाढवली. ठरलं होतं त्याच्या दीडपट तरी असेल. मी नजरेने सांगितलं, ते उंदराकडे बघत होते. "उंदराकडे बघा" असं ठरलंच होतं, त्यामुळे बोलायची सोय नव्हती. माझा भाता पुरेना, अंगठा दुखायला लागला, चष्मा नाकावर आला. थांबावं असं दोनदा मनात आलं, पण समोर मांडव भरलेला. ओढत नेलं समेपर्यंत. पहिली तिहाई. टाळ्या. मी हात उचलला. भाऊजींनी पुन्हा धरली. दुसरी. पुन्हा टाळ्या, पुन्हा हात उचलला. तिसरी झाली आणि मी पेटीवर खरोखरच डोकं टेकलं. अभिनय नव्हता तो.

आणि भाऊजींनी चौथी वाजवली. मी डोकं वर केलंच नाही. पोरीने एकटीने पुठ्ठ्यावर वाजवली, आवाज फक्त तबल्याचा, आणि पुढच्या रांगेतल्या लोकांना वाटलं हे असंच बसवलेलं आहे. मग ती खोक्यावर कोसळली, उंदीर आतून बाहेर आला, गणपतीकडे वळून आधी नमस्कार केला आणि मग लोकांकडे वळला. तो नमस्कारही आम्ही सांगितलेला नव्हता.

घरी येताना रिक्षेत भाऊजी म्हणाले, "वहिनी, तिसऱ्यानंतर तुम्ही सोडून दिलीत." म्हटलं, तीनच ठरल्या होत्या. ते म्हणाले, "उंदीर तीनवर थांबतो होय?" घर येईपर्यंत हेच चाललं होतं.

काळी-पांढरीताई, तुम्ही विचारलं नाहीत तरी सांगते, फ्रिस्काची धून मी काळी तीनमध्येच वाजवली. भात्याला नवं चामडं लावून घेतलंय, आत चार डांबरगोळ्या पुरचुंडीत बांधून ठेवल्यात. वास येतो, पण पट्टी बोलते.